ओळखीचा आवाज

रात्री भांडी घासताना ओट्यावर, पिठाच्या डब्याला टेकवून फोनवर काहीतरी लावून ठेवायची मला सवय आहे. परवा लावला 'युनिव्हर्स'. कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डाचा, १९६० सालचा, जेमतेम अर्ध्या तासाचा कृष्णधवल माहितीपट.

निवेदक बोलायला लागला आणि काथ्या कढईतच राहिला. हा तर हॅल! '२००१: अ स्पेस ओडिसी' या चित्रपटातला, गोड बोलून माणसांना यानाबाहेर ठेवणारा संगणक. दोन्हीकडे आवाज डग्लस रेन यांचा; हे कॅनडातले रंगभूमीवरचे नट. 'ओडिसी'चा दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकनं 'युनिव्हर्स' पाहिला, हा आवाज हेरला आणि पुढे १९६८ मध्ये हॅलच्या तोंडी दिला. मी मात्र उलट्या क्रमानं आलो. त्यामुळे ते शांतपणे ग्रह, तारे, दीर्घिका समजावत होते आणि मी मनात म्हणत होतो, सगळं खरं हो, पण परत येताना दार उघडाल ना?

पडद्यावर टोरांटोजवळची डेव्हिड डनलॅप वेधशाळा. संध्याकाळी एक खगोलशास्त्रज्ञ कामावर येतो. घुमट सरकतो, ७४ इंची आरशाची अवाढव्य दुर्बीण हलते. मला वाटलं होतं, तो डोळा लावून बसेल आणि 'अहाहा' म्हणेल. छे! रात्रपाळीचा माणूस तो, मुकाट्यानं आपलं काम करत राहतो.

त्याच्या कामाला धरूनच आपण पृथ्वी सोडून लांब लांब जातो. रोमन क्रॉइटर आणि कॉलिन लो या दिग्दर्शकांकडे दाखवायला होतं काय? पहिला अंतराळवीर गागारिनसुद्धा अजून वर गेला नव्हता. मंगळाचे जवळून घेतलेले पहिले फोटो 'मरिनर ४' या यानानं पाठवले ते १९६५ मध्ये. म्हणून यातले ग्रह स्टुडिओत घडवलेले, रंगवलेले. गणपतीच्या आराशीत ज्यानं थर्माकोलचा चंद्र केलाय, त्याला त्यामागची जागरणं कळतील. हल्ली संगणकावर केलेल्या झगमगीत आकाशगंगा बघताना मला असं कुणाच्या हाताबिताची आठवण होत नाही.

"कोण बोलतंय रे?" आईनं आतून विचारलं.

"कॅनडातले एक नट."

"बरं सांगतात. घाई नाही कसली."

हॅलचं मी तिला काही सांगितलं नाही. फोनवर उजाडलं, घुमट मिटला. कढई तशीच होती. तिच्यात पाणी घालून ठेवलं आणि दिवा घालवला.