माओ सूट घातलेला न्यूयॉर्कचा पाहुणा

बॅटरी पार्कच्या धक्क्यावरून सुटलेली फेरी लिबर्टी बेटाजवळ आली, की डेकवरची सगळी मंडळी पुतळ्याकडे पाठ करून मोबाइल उंच धरतात. १९७९ साली याच पुतळ्याखाली त्सेंग क्वाँग ची हा छायाचित्रकार माओ सूट (माओच्या चीनमधला बंद गळ्याचा सरकारी पोशाख) आणि काळा चष्मा घालून, खिशावर ओळखपत्राचा बिल्ला लावून स्वतःचाच फोटो काढायला उभा राहिला होता. चेहरा अगदी सरकारी; मुठीत मात्र दूरच्या कॅमेऱ्याचे शटर दाबायची केबल, आणि तीही लपवण्याची त्याने तसदी घेतलेली नाही.

हाँगकाँगमध्ये १९५० साली जन्मलेला त्सेंग घरच्यांबरोबर कॅनडात गेला, पॅरिसमध्ये कला शिकला आणि सत्तरच्या दशकाच्या अखेरीस न्यूयॉर्कला येऊन ईस्ट व्हिलेजमधल्या कलावंतांच्या गोतावळ्यात समलिंगी म्हणून मोकळेपणाने वावरू लागला. त्याच गोतावळ्यातला चित्रकार कीथ हॅरिंगने न्यूयॉर्कच्या भुयारी रेल्वेच्या स्टेशनांत खडूने काढलेली, चार दिवसांत नाहीशी होणारी चित्रे आज पाहता येतात, ती बव्हंशी त्सेंगच्या कॅमेऱ्यामुळे.

माओ सूटची गंमत अशी, की त्याचे आईवडील कम्युनिस्ट चीन सोडून आलेले होते. त्यांनी वर्ल्ड ट्रेड सेंटरच्या माथ्यावरील ‘विंडोज ऑन द वर्ल्ड’ या महागड्या उपाहारगृहात जेवायला बोलावले, तेव्हा चिरंजीव हाच पोशाख चढवून गेले. आईवडील ओशाळले, तिथल्या व्यवस्थापकाने मात्र चीनचे कोणी बडे अधिकारी आले असे समजून अदबीने स्वागत केले. अमेरिका आणि चीन यांचे राजनैतिक संबंध १९७९ च्या जानेवारीत नुकतेच जुळले होते, त्यामुळे असा पाहुणा कोणालाही खरा वाटावा. पुढे १९८० साली मेट्रोपॉलिटन संग्रहालयात चिनी राजवस्त्रांचे प्रदर्शन भरले, तेव्हाही तो याच वेषात बड्या पाहुण्यांशेजारी उभा राहून फोटो काढत होता. आशियाई चेहरा दिसला, की समोरचा माणूस उरलेली गोष्ट स्वतःच रचतो, हे त्याने नेमके हेरले होते. आणि ‘तुम्ही मूळचे कुठले?’ हा प्रश्न फेरीच्या रांगेतच ऐकलेल्या मला ते समजावून घ्यायला वेळ लागला नाही.

पुढच्या वर्षांत, विशेषतः १९८७ च्या ग्रँड कॅन्यनच्या फोटोत, तो अफाट निसर्गापुढे ठिपक्याएवढा होतो. १९९० मध्ये, वयाच्या अवघ्या ३९ व्या वर्षी, तो एड्सने गेला, म्हणून त्या ठिपक्यात मृत्यूची चाहूल शोधण्याचा मोह अनेकांना होतो. मला तो पटत नाही. ब्रुकलिन पुलासमोर त्याच सूटमध्ये हवेत उडी मारणारा त्सेंग आणि दरीकाठचा त्सेंग यांचा खोडकरपणा एकच आहे, फक्त दुसऱ्या वेळी त्याने कॅमेरा बराच लांब ठेवला आहे.