सह्यांनी फाशी थांबते का?

'सह्या गोळा केल्या, आझाद मैदानात बसलो, तर फाशी थांबते का?' तुम्ही विचारलंत म्हणून सांगतो: आधी फाइल कुठल्या टेबलावर आहे ते बघा.

सत्र न्यायालयाने फाशी सुनावली तरी उच्च न्यायालयाच्या खंडपीठाने ती कायम केल्याशिवाय अमलात येत नाही. या काळात घोषणांचा उपयोग शून्य. खटल्याची नक्कल काढा आणि पान न् पान वाचा. महाराष्ट्रातल्या २००३ च्या एका गुन्ह्यात सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये भटक्या जमातीतल्या सहाही जणांना फाशीची शिक्षा दिली आणि २०१९ मध्ये त्याच न्यायालयाने सहाही जण निर्दोष सोडले. जखमी साक्षीदार बाईंनी पोलिसांच्या अल्बममध्ये सुरुवातीलाच दुसऱ्या चौघांच्या फोटोंवर बोट ठेवलं होतं, त्या चौघांचा तपासच झाला नव्हता. फलकावर असं काहीतरी हवं. 'न्याय द्या' हे दोन्ही बाजू लिहितात.

रस्त्याचं खरं काम दयेच्या अर्जाच्या वेळी. अर्ज आधी राज्यपालांकडे (राज्यघटनेचं कलम १६१), तिथे फेटाळला तर ६० दिवसांत राष्ट्रपतींकडे (कलम ७२). नव्या नागरिक सुरक्षा संहितेत (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेला कायदा) पहिल्या अर्जाला मुदत ३० दिवसांची, म्हणून सह्या आधीच तयार हव्यात. मागणीचा पूर्ण मजकूर प्रत्येक पानावर छापा. नुसत्या सह्यांची सुटी पानं कशाच्या मागणीसाठी होती, हे नंतर कोणी सांगू शकत नाही. अनुक्रमांक, पूर्ण पत्ता हवाच. एक संच राज्यपालांच्या कार्यालयात, एक मंत्रालयात गृह विभागाला, आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का घेतल्याशिवाय खिडकी सोडू नका.

तो शिक्का कशाला? कागद कधी पोचला त्याचा पुरावा म्हणून. दयेच्या अर्जावरच्या निर्णयाला झालेला उशीर हेच फाशी रद्द होण्याचं कारण ठरू शकतं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये सांगितलं. दयेचा अर्ज फेटाळल्यावर फाशीआधी १४ दिवस मिळालेच पाहिजेत, हेही त्याच निकालात. पुण्याच्या २००७ च्या एका खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाने २०१९ मध्ये दोघांची फाशी रद्द केली ती सरकारी दिरंगाई मोजून. त्या दोघांचा गुन्हा शाबीतच राहिला, हेही लक्षात ठेवा.

मैदानासाठी आझाद मैदान पोलीस ठाण्यात लेखी अर्ज आधी द्या. बलात्काराचा खटला असेल तर पीडितेचं नाव किंवा फोटो फलकावर अजिबात नको, तो स्वतंत्र गुन्हा आहे. आणि पावसाळा असेल तर सह्या बॉलपेननेच घ्या, शाईपेनच्या सह्या चर्चगेटला पोचेपर्यंत निळा डाग होतात.