लातिनोविच यांच्या भूमिका : आतापर्यंतच्या नोंदी

हंगेरियन अभिनेते झोल्तान लातिनोविच यांचे चित्रपट प्रदर्शनाच्या क्रमाने पाहण्याचा मूळ बेत सोडून दिला असून, आता भूमिकांच्या जोड्या लावून पाहत आहे. क्रमाने पाहिल्यास कारकीर्द समजते, पण अभिनयाची रीत हाती लागत नाही, असे माझे मत झाले आहे.

पहिली जोडी दोन मेजरांची लावली. अंद्राश कोवाच यांच्या १९६६ च्या ‘हिदेग नापोक’मध्ये ते मेजर ब्यूकी आहेत. जानेवारी १९४२ मध्ये नोवी साद (आजच्या सर्बियातले शहर) येथे हंगेरियन सैन्याने केलेल्या हत्याकांडाबद्दल १९४६ मध्ये खटल्याची वाट पाहत कोठडीत बसलेल्या चौघांपैकी हे एक. आपली बायको त्याच दिवसांत नाहीशी झाल्यामुळे इतरांचे बोलणे ते ज्या ताठरपणाने ऐकतात, त्यात अधिकाऱ्याचा रुबाब आणि आतली भीती वेगळी काढता येत नाही. झोल्तान फाब्री यांच्या १९६९ च्या चित्रपटातला दुसरा मेजर (कथा इश्तवान ओर्केन यांची) एका खेड्यात पाहुणा म्हणून उतरतो आणि यजमान कुटुंबाला रात्र-रात्र पुठ्ठ्याची खोकी करायला बसवतो. इथे तोच ताठरपणा हास्यास्पद होतो. शरीर तेवढेच शिस्तीत, मात्र कोणत्याही आवाजाने दचकणारे.

सर्वाधिक वेळ ‘सिंदबाद’वर गेला आणि त्याची खंत नाही. ज्युला क्रूदी यांच्या कथांवर झोल्तान हुसारिक यांनी १९७१ मध्ये केलेल्या या चित्रपटातला नळी खाण्याचा प्रसंग पुनःपुन्हा पाहिला. हाडातला मगज भाजलेल्या पावावर काढून घेताना हातांची जी एकाग्रता दिसते, ती वेटरशी चाललेल्या बोलण्यात मुळीच नाही. तोंड एका स्त्रीबद्दल बोलते आणि हात जेवणाशी निष्ठावान राहतात. शांदोर शारा यांचे छायाचित्रण नेहमी वाखाणले जाते, पण या प्रसंगात मला श्रेय हातांनाच द्यावेसे वाटते. लातिनोविच यांचे आजोबा म्हणजे बुडापेस्टचे प्रसिद्ध उपाहारगृह-मालक कारोय गुंदेल, हे इथे आठवल्यावाचून राहत नाही.

शिक्षणाने लातिनोविच वास्तुविशारद होते. अभिनयाच्या विद्यालयात न जाता १९५६ मध्ये ते देब्रेत्सेनच्या रंगभूमीवर दाखल झाले, पुढे मिश्कोल्त्स आणि मग राजधानी असा प्रवास झाला. ४ जून १९७६ रोजी, वयाच्या ४४ व्या वर्षी, बालातोनसेमेश येथे रेल्वेखाली त्यांचा मृत्यू झाला. तो अपघात होता की आत्महत्या, हा वाद आजही मिटलेला नाही. कोशुत पुरस्कार हा हंगेरीचा मोठा राष्ट्रीय सन्मान १९९० मध्ये मरणोत्तर मिळाला. मृत्यूनंतर प्रदर्शित झालेल्या फाब्री यांच्या ‘ऑज ओतोदिक पेचेत’मध्ये साध्या कपड्यांतला चौकशी अधिकारी हाताखालच्या माणसाला छळाचे तत्त्वज्ञान शिकवतो, तो प्रसंग मेजरांच्या जोडीत तिसरा म्हणून बसवावा का, हे अजून ठरलेले नाही. गणवेश नसताना तोच ताठरपणा आवाजात उतरलेला आहे, म्हणून कल तिकडे आहे.

पुढची जोडी शल्यविशारद आणि रुग्ण यांची आहे : मिक्लोश यांचो यांच्या १९६३ च्या ‘ओल्दाश एश कोतेश’मधला तरुण डॉक्टर, आणि ज्योर्ज रेवेस यांच्या १९७० च्या चित्रपटातले मेंदूत गाठ झालेले लेखक कारिंती. या दुसऱ्या भूमिकेसाठी सान सेबास्तियान महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचा पुरस्कार मिळाला होता, त्यामुळे ती आधी पाहण्याचा मोह आवरून यांचोपासूनच सुरुवात करणार आहे.