लिसाला कुणी विचारलं?

'अ‍ॅडोलेसन्स' ही ब्रिटिश मालिका मार्च 2025 मध्ये नेटफ्लिक्सवर आली आणि बघेल तो तिसऱ्या भागाबद्दल बोलत होता. मानसशास्त्रज्ञ बाई आणि तेरा वर्षांचा जेमी, एका खोलीत समोरासमोर. तो भाग जबरदस्तच आहे. जेमी साकारणाऱ्या ओवेन कूपरला वयाच्या 15 व्या वर्षी एमी हे टीव्हीचं मोठं पारितोषिक मिळालं, ते योग्यच झालं. पण मला झोप लागली नाही ती चौथ्या, शेवटच्या भागानंतर. त्यातही जेमीमुळे नाही, त्याच्या बहिणीमुळे. (अजून बघितली नसेल तर पुढचं नंतर वाचा.)

जेमीवर वर्गातल्या मुलीच्या खुनाचा आरोप आहे, त्याला अटक होऊन 13 महिने झालेत. चौथ्या भागात तो दिसतच नाही. वडील एडी, आई मांडा आणि थोरली बहीण लिसा, एवढेच घरात. आज एडीचा पन्नासावा वाढदिवस. दिवस चांगला घालवायचा, असं तिघांनी मनाशी ठरवलंय. आणि सकाळीच कळतं की कुणीतरी एडीच्या व्हॅनवर रंगाने शिवी लिहून ठेवलीय, मुलांवर अत्याचार करणाऱ्याला तिथे देतात ती. तीही चुकीच्या स्पेलिंगने. एडी घासघासून धुतो, निघत नाही. मग तिघंही त्याच व्हॅनमधून रंग आणायला निघतात.

या मालिकेचा प्रत्येक भाग एका सलग शॉटमध्ये चित्रित झालाय, हे सगळ्यांनी वाचलं असेल. त्याचं मोल मला त्या व्हॅनमध्ये कळलं. कट नाही, म्हणजे त्या तिघांना सुटका नाही आणि आपल्यालाही नाही. जाताना आईवडील शाळेतल्या नाचाची, आपलं जमलं तेव्हाची गोष्ट सांगतात, लिसा खळखळून हसते. येताना त्याच व्हॅनमध्ये, एडीचा संताप होऊन गेल्यावर, जेमीचा फोन येतो. त्याने बाबांसाठी कार्ड केलंय. आणि मग तो सांगतो की मी गुन्हा कबूल करणार आहे.

त्या क्षणी सगळे एडीचा चेहरा बघतात. एडी झालेल्या स्टीफन ग्रॅहमने काम केलंयच तसं. मी लिसाकडे बघत होते.

कारण त्या जागी मी बसलेले आहे. आमच्या घरात गुन्हा वगैरे काही नव्हता, तुलनाही करत नाही. पण माझ्या धाकट्या भावाने अठराव्या वर्षी कॉलेज सोडलं आणि स्वतःला खोलीत कोंडून घेतलं. जवळजवळ वर्षभर. आईबाबा कुजबुजत बोलायचे. त्याच्या दाराची कडी वाजली की तिघांचेही कान तिकडे. मी तेव्हा वीस वर्षांची होते आणि मला कुणी काही न सांगता एक काम मिळालं होतं: घरात आनंद आणायचा. मी मार्क आणायचे. विनोद सांगायचे. बाहेरून आले की जिन्यातच चेहरा नीट करून घ्यायचे. त्या वर्षी बाबांच्या वाढदिवसाला मी स्वतःच्या हाताने कार्ड केलं, खाली दोघांची नावं लिहिली. त्याचं नाव डाव्या हाताने लिहिलं, अक्षर वेगळं दिसावं म्हणून. त्याच्या नावातला 'श' तेवढा जमला नव्हता, शेपूट भलतीकडेच वळलं होतं. बाबांनी कार्ड वाचलं आणि शर्टाच्या खिशात ठेवलं.

म्हणून घरी परतल्यावर लिसा छान तयार होऊन आईवडिलांच्या खोलीत येते, तेव्हा माझ्या घशात आवंढा आला. ती किती जपून बोलते बघा. गाव सोडून काही उपयोग नाही, कुठेही गेलो तरी लोकांना कळणारच, आणि जेमी आपलाच आहे, हे ती मुलगी आईबापांना समजावते. ती गेल्यावर एडी बायकोला विचारतो, ही अशी कशी घडली आपल्या हातून? मांडा म्हणते, त्याला जसं घडवलं तसंच.

हे वाक्य सगळ्यांना आवडलं. मलाही आवडलं, कारण त्यात दोघं आपल्यावरचा दोषही टाळत नाहीत आणि लेकीचं श्रेयही लाटत नाहीत. एडीच्या बापाने त्याला पट्ट्याने मारलं होतं, आपण तसं वागायचं नाही ही त्याची शपथ होती आणि ती त्याने पाळली. तरीही हे झालं. पोरगा त्याच्या खोलीत आहे म्हणजे सुरक्षित आहे, असं दोघांना वाटत राहिलं. ते बोलणं ऐकताना कुठल्याही आईबापाच्या पोटात कालवेल.

पण लिसाचं काय? तिच्या शहाणपणाचं कौतुक होतं आणि दार लागतं. पुढची मिनिटं एडीची आहेत. जेमीच्या पलंगावर पडून तो रडतो, टेडीला पांघरूण घालतो, माफी मागतो. मीही रडले. आणि रडता रडता मनात येत होतं की भिंतीपलीकडे ती मुलगी हे सगळं ऐकत असणार. अशा घरांतल्या भिंतींतून सगळं ऐकू येतं, मला माहीत आहे. लेखकांनी तिला तिच्या खोलीत दाखवलं नाही, हा दोष म्हणायचा की घरांमध्ये असंच होतं म्हणून तसं ठेवलं? मी दुसरं धरून चालते.

दुसऱ्या दिवशी भावाला फोन केला. तो आता बरा आहे, चांगला संसार आहे त्याचा. ही मालिका एकट्याने बघू नकोस, असं सांगायचं होतं. त्याने आधीच बघितली होती. थोडा वेळ दोघंही गप्प. मग तो म्हणाला, "ताई, तू तेव्हा कधी रडायचीस का गं?"

इतक्या वर्षांत हे पहिल्यांदा कुणी विचारलं.

"हो," म्हटलं. "बाथरूममध्ये. नळ सोडून."

"मला वाटायचंच," तो म्हणाला. "तुझी अंघोळ फार वेळ चालायची."