सा पासून प पर्यंत महागाई

3 जून 2020 ला निसर्ग वादळ आलं आणि आमच्या दापोलीकडच्या कितीतरी गावांत आठवडेच्या आठवडे लाईट नव्हती, तेव्हा रात्री पडवीत बसून आम्ही नुसतं ऐकायचो. कौलांवरून गळणारं पाणी, लांबचा समुद्र, कोणाचा तरी जनरेटर. आत्याला मोतीबिंदू, तिला तसंही धूसरच दिसायचं, त्यामुळे तिला त्या अंधाराचं काही वाटलं नाही. हीच आत्या हर्णै बंदरावर रिक्षातून उतरायच्या आधीच सांगायची, "आज माल कमी आलाय गो, ओरड बघ कशी चढल्ये." आणि खरंच कमी असायचा. मी कॉलेजात अर्थशास्त्र शिकवते, मागणी-पुरवठ्याची रेघ फळ्यावर काढते, आणि ही बाई ती रेघ रस्त्यावरून कानाने वाचत होती.

तेव्हापासून एक जग डोक्यात घर करून बसलंय. तिथे कोणालाच दिसत नाही, सगळा व्यवहार आवाजावर, भावाचा फलक नाही की पावती नाही. त्या जगात माझ्यासारखीच एक अर्थशास्त्रवाली बाई आहे आणि तिचं काम म्हणजे दिवसभर ऐकणं.

संध्याकाळी ती बंदरावर येते. होड्या आत पाण्यात थांबतात, बैलगाड्या माल घेऊन वाळूवर येतात, चाकं जड वाजतायत की हलकी यावरूनच तिला पुरवठा कळतो. मग लिलाव. दोनशे, सव्वादोनशे, अडीचशे, एकवार, दोनवार, आणि तीनवार म्हणायच्या आधी जी शांतता पडते ना, ती शांतता ती मोजते. लांबली तर आणखी कोणीतरी मनात हिशोब करतोय, अजून भाव चढू शकतो. लगेच तुटली तर गिऱ्हाईक संपलं. आमच्या पुस्तकांत भाव असतो पण ही शांतता कुठेच नसते, आणि मला ती हवी आहे.

पण सगळ्यात जास्त हेवा वाटतो तिच्या महागाईचा. म्हणजे असं बघा, आपला कान फरक ऐकत नाही, पट ऐकतो. सा 240 कंपनांचा धरला तर प 360 चा, तार सा 480 चा, आणि तिथून वरचा सा 960 चा. 240 वाढली काय नि 480 वाढली काय, कानाला दोन्ही उड्या सारख्याच, कारण दोन्ही दुप्पट. टक्केवारी हीच तर असते! वर्गात चक्रवाढ समजवताना मुलांचे चेहरे कोरे होतात म्हणून एकदा भाचीला समोर बसवून घरची भजनाची पेटी काढली. आपल्याकडे 2016 पासून रिझर्व्ह बँकेला महागाईचं 4 टक्क्यांचं लक्ष्य दिलंय, वरची हद्द 6 टक्के. पेटीवर एका पट्टीवरून अगदी लगतच्या पट्टीवर गेलं, मग ती काळी असो की पांढरी, की स्वर जवळजवळ 6 टक्के चढतो. म्हणजे 6 टक्के महागाई म्हणजे दरवर्षी एक पट्टी. तिला म्हटलं दाब, एकेक वर्ष मोजत दाब. बारा पट्ट्या झाल्या आणि तार सा लागला, ती थांबली, म्हणाली मावशी म्हणजे बारा वर्षांत सगळं डबल? हो, डबल. आणि 4 टक्क्यांनी गेलं तर दहा वर्षांत सा चा जवळजवळ प होतो. ज्याचा पगार सा वरच राहिला त्याला त्या जगात रोज दोन्ही स्वर एकदम ऐकू येत असणार, मध्ये केवढी दरी पडलीय ते कोणी समजावून सांगायला नको.

म्हणूनच मला रुमालाखालचा सौदा सहन होत नाही. मुंबईच्या घाऊक बाजारात आपल्या हापूसचा भाव वर्षानुवर्षं रुमालाखाली बोटं दाबून ठरत आला, दलाल आणि व्यापारी दोघांनाच माहीत, आणि ज्याने वर्षभर कलमं राखली तो इकडे देवगडात पट्टीची, म्हणजे दलालाकडून येणाऱ्या हिशोबाच्या चिठ्ठीची, वाट बघत बसलेला. त्या आवाजाच्या जगात बोटांचा असा मुका सौदा म्हणजे चोरीच. भाव मोठ्याने बोलला पाहिजे, कोपऱ्यात पाटी घेऊन बसलेल्या बाईलाही ऐकू गेला पाहिजे.

आणि आवाज जिथवर पोचतो तिथवरच बाजार. केरळात रॉबर्ट जेन्सन या अर्थतज्ज्ञाने हेच मोजलं, 2007 ला छापून आलं. तिथले मच्छीमार तारली घेऊन आपल्याच किनाऱ्यावर यायचे, एकीकडे गिऱ्हाईक नाही म्हणून मासळी टाकून द्यायची आणि थोड्याच अंतरावर दुसऱ्या किनाऱ्यावर गिऱ्हाईक रिकाम्या हाताने परत. 1997 ते 2001 मध्ये मोबाईल आले, समुद्रात 20-25 किलोमीटरपर्यंत रेंज मिळायला लागली, बोटीतूनच भाव विचारता येऊ लागला. मच्छीमारांचा नफा सरासरी 8 टक्के वाढला, गिऱ्हाईकाला मासळी 4 टक्के स्वस्त मिळाली आणि टाकून द्यायचं जवळपास बंदच झालं. बाकी काही बदललं नव्हतं, फक्त हाक लांब पोचली.

घोळ माशाचंही सांगायचंय. घोळ पोटातला फुगा थरथरवून ढोलकीसारखा आवाज काढतो, आणि त्या माशात सगळ्यात महाग तोच फुगा, कोळी त्याला भोत म्हणतात. 2021 ला पालघरच्या मुरबे गावच्या बोटीला 157 घोळ लागले, 1 कोटी 33 लाखांना गेले. आवाजाचा अवयव सगळ्यात महाग, हे तर आपल्याच जगात झालं.

आत्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, आता तिला स्वच्छ दिसतं. परवा तिला हर्णैला घेऊन गेले. लिलाव सुरू झाला तशी मी तिला पुढे ओढायला लागले की बघ ना सुरमई कसली आल्ये, तर तिने माझा हात धरून ठेवला आणि डोळे मिटून घेतले. "थांब जरा, ऐकू दे."