प्रसाद खावा का? तुम्ही विचारलंत म्हणून

बायबलमधल्या नव्या कराराच्या काळातल्या समाजाचा अभ्यास करते असं सांगितलं की पुढचा प्रश्न बहुधा ठरलेला असतो. गणपतीच्या दिवसांत तर हमखास. शेजारची मैत्रीण जरा संकोचून विचारते, "तुमच्यात प्रसाद चालतो ना गं?" चर्चमधली तरुण मुलं थेट विचारतात, "ताई, पौलानं नक्की काय सांगितलंय? खायचा की नाही?"

पौल म्हणजे येशूचा संदेश सांगत फिरणारा पहिल्या शतकातला प्रेषित. त्याचं उत्तर ग्रीसमधल्या करिंथ शहरातल्या ख्रिस्ती मंडळीला, म्हणजे समुदायाला, लिहिलेल्या पहिल्या पत्रात आहे, आठव्या ते दहाव्या अध्यायांत. पण ते अध्याय ओळीनं वाचले तर मुलं आणखीच गोंधळतात. बाजारात विकलं जाणारं मांस चौकशी न करता खा, असं तो म्हणतो. कोणी घरी जेवायला बोलावलं तर पुढ्यात येईल ते खा. पण तिथेच कोणी 'हे देवाला वाहिलेलं आहे' असं सांगितलं, तर त्या सांगणाऱ्यासाठी खाऊ नका. आणि देवळातल्या भोजनाला बसताना तुम्हाला दुबळ्या मनाच्या कोणी पाहिलं, तर त्याचं काय होईल याचा विचार करा. पौल गुळमुळीत बोलतोय असं वाटू शकतं. तो तसं बोलत नाहीये हे कळायला करिंथ शहरात शिरावं लागतं.

जुनं करिंथ रोमी सैन्यानं इ.स.पू. १४६ मध्ये उद्ध्वस्त केलं. इ.स.पू. ४४ मध्ये ज्युलियस सीझरनं तिथे नवी वसाहत उभारली आणि तीत गुलामीतून मुक्त झालेली बरीच माणसं वसवली. दोन समुद्रांवर दोन बंदरं, त्यामुळे व्यापार जोरात. पिढीजात घराणी कमी, नवा पैसा भरपूर, आणि मानमरातबासाठी चढाओढ. पौल तिथे आला तो इ.स. ५०च्या सुमारास. डेल्फीच्या शिलालेखामुळे गल्लियो हा रोमी सुभेदार करिंथात ५१-५२च्या आसपास होता हे कळतं, आणि याच गल्लियोपुढे पौलाला उभं केल्याची हकिकत नव्या करारातल्या 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकात आहे.

अशा शहरात मान मिळायचा तो जेवणाच्या आमंत्रणातून. ही आमंत्रणं कशी असत, हे इजिप्तमधल्या ऑक्सिरिंकसच्या उकिरड्यांत सापडलेल्या पपायरसच्या चिठ्ठ्यांवरून दिसतं. ग्रेनफेल आणि हंट या दोघा इंग्रजांनी १८९६ च्या हिवाळ्यात तिथे खोदकाम सुरू केलं. तिथली दुसऱ्या शतकातली एक चिठ्ठी मला फार आवडते. खैरेमोन नावाचा गृहस्थ कळवतो की उद्या, १५ तारखेला, सरापिस देवाच्या मंदिरात त्या प्रभूच्या भोजनाला या, नवव्या तासाला. म्हणजे दुपारी तीनच्या सुमारास. बस, एवढंच. वाढदिवस असो वा लग्न, जेवण देवाच्या साक्षीनं व्हायचं. अशा आमंत्रणाला नाही म्हणणं म्हणजे नातेवाइकांशी, आश्रयदात्याशी, धंद्यातल्या भागीदाराशी तुटणं. करिंथमध्येही अस्क्लेपिओस या आरोग्यदेवतेच्या देवस्थानालगत जेवणाच्या खोल्या सापडल्या आहेत, एकेका खोलीत आडवं होऊन जेवायला ११ जणांची सोय. पौलाच्या काळात त्या वापरात होत्या का, यावर पुरातत्त्वज्ञांत वाद आहे.

गेर्ड थाइसेन या जर्मन अभ्यासकानं १९७०च्या दशकात एक साधा प्रश्न विचारला: या शहरात मांस कोणाला परवडत होतं? त्याचं म्हणणं असं, की आठव्या अध्यायात 'आम्हाला ज्ञान आहे, मूर्ती म्हणजे काहीच नाही' म्हणणारे, ज्यांना अभ्यासक 'बलवान' म्हणतात, ते मंडळीतले मूठभर पैसेवाले. त्यांच्या ताटात मांस नेहमीचंच. गरिबाला मात्र ते मिळायचं देवाच्या सणाला, सार्वजनिक वाटपात. म्हणून त्याच्या मनात मांसाला देवाचा वास चिकटलेला. पुढे जस्टिन मेगिटनं यावर आक्षेप घेतला: गल्लीतल्या खाणावळीत गरीबही स्वस्तातलं मांस खात होते. मला मेगिटची दुरुस्ती रास्त वाटते. तरी थाइसेनचा प्रश्न त्यामुळे निकालात निघत नाही, कारण त्याच पत्राचा अकरावा अध्याय.

तिथे पौल खरा संतापलेला आहे. प्रभुभोजनाला, म्हणजे येशूच्या आठवणीत एकत्र जेवायला, जमता आणि एक जण उपाशी राहतो, दुसरा पिऊन तर्र होतो! खायला-प्यायला तुम्हाला घरं नाहीत का? ज्यांच्याकडे काही नाही त्यांना लाजवता का? त्या काळचा यजमान यात काहीच वावगं मानत नव्हता. धाकटा प्लिनी हा रोमी लेखक एका पत्रात अशाच एका यजमानाविषयी लिहितो: स्वतःला आणि मोजक्या पाहुण्यांना उत्तम पदार्थ, बाकीच्यांना हलकंसलकं, आणि छोट्या कुप्यांतून तीन दर्जांची दारू. वरच्या पंगतीला साजूक तूप आणि खालच्या पंगतीला पातळ आमटी, असाच तो प्रकार. प्लिनीला ते आवडलं नव्हतं. हाच प्लिनी पुढे, इ.स. ११२च्या सुमारास, बिथिनियाचा सुभेदार म्हणून सम्राट त्राजानला कळवतो की ख्रिस्ती लोक एकत्र जमून साधंच, निरुपद्रवी अन्न खातात. आणि ही माहिती पक्की करायला मंडळीत सेवा करणाऱ्या दोन गुलाम बायकांचा आपण छळ केला, हेही शांतपणे लिहितो. त्या दोघींची नावं त्याने नोंदवलेली नाहीत. मी ते पत्र वाचते तेव्हा दरवेळी तिथे अडते.

म्हणजे पौलाला विचारलं गेलं अन्नाबद्दल, आणि तो पुन्हा पुन्हा बोलतोय शेजारी बसलेल्या माणसाबद्दल.

हे मला कळतं ते माझ्या आजीमुळेही. नगर जिल्ह्यातल्या कितीतरी ख्रिस्ती कुटुंबांसारखे आमचे पूर्वजही महार समाजातले. गावच्या देवळात त्यांना प्रवेश नव्हता. प्रसाद मिळाला तर लांबून, वरून टाकलेला. आजी प्रसाद घ्यायची नाही. लोक म्हणायचे, मिशनऱ्यांनी शिकवलं. मला वाटतं तिच्या नाही म्हणण्यात शिकवणुकीपेक्षा आठवण जास्त होती. तिच्यासमोर 'आम्हाला ज्ञान आहे' म्हणत पेढा तोंडात टाकणं मला कधी जमलं नसतं.

तर, मैत्रिणीनं घरी आणून दिलेला मोदक मी खाते, आनंदानं खाते. आजी होती तेव्हा तिच्यासमोर खात नव्हते. आणि चर्चमधल्या मुलांना मी आठव्या अध्यायावर थांबू देत नाही. अकरावा उघडायला लावते आणि विचारते: आपल्या प्रीतिभोजनात, म्हणजे चर्चच्या सामुदायिक जेवणात, शेवटी कोण जेवतं, भांडी कोण घासतं, आणि मंडळीतलं कोण या जेवणाला कधी येतच नाही?