तुम्ही विचारलंत म्हणून: तायको खरोखर किती जुने?

पुण्याहून कोणी पाहुणे आले आणि त्यांना तायकोचा कार्यक्रम दाखवला, की परतीच्या लोकलमध्ये एक प्रश्न हटकून येतो: 'ही परंपरा किती शतकांची?' मी जपानमध्ये राहते आणि दर शनिवारी वस्तीतल्या सभागृहात हे वादन शिकते, त्यामुळे उत्तर मला ठाऊक असणार असे गृहीत धरले जाते. ते ठाऊक आहे, पण ऐकून पाहुण्यांचा थोडा हिरमोड होतो. ढोल फार जुना आहे. मात्र दहा-पंधरा जणांनी लहानमोठे ढोल मांडून रंगमंचावर केलेले जे वादन आपण पाहिले, ज्याला 'कुमी-दायको' म्हणतात, ते १९५१ साली सुरू झाले, म्हणजे आपण प्रजासत्ताक झाल्यानंतर.

'तायको' या शब्दाचा जपानीतला अर्थ नुसता ढोल. १९५१ पूर्वी तो देवळात, नोह आणि काबुकी या जुन्या नाट्यप्रकारांत, पितरांच्या बोन सणातल्या बोन-ओदोरी नाचात वाजत असे, पण तो प्रामुख्याने कशाच्या तरी साथीला असे. काबुकीत बर्फ पडू लागला की पडद्याआडून मोठ्या ढोलावर मऊ टोकाच्या दांडीने हलके ठोके देतात. बर्फाला आवाज नसतो, तरी ते ठोके ऐकताना अंगावरची शाल आवळून घ्यावीशी वाटते. नागानो प्रांतातल्या सुवा देवस्थानाशी संबंधित एक जुनी ढोललिपी कुमी-दायको सुरू करणाऱ्या ओगुची दाइहाची यांच्या हाती आली तेव्हा ते जाझमध्ये ड्रम वाजवत होते. एकट्या ढोलासाठी लिहिलेले ते वादन त्यांना सपाट वाटले आणि त्यांनी ते वेगवेगळ्या आकारांच्या, वेगवेगळ्या स्वरांच्या ढोलांमध्ये वाटून टाकले. ज्याला आपण प्राचीन म्हणतो त्या रचनेच्या मुळाशी जाझचा ड्रमसेट आहे, हे मला तरी अजिबात कमीपणाचे वाटत नाही. आपल्या मिरवणुकीतली ढोल-ताशा पथकेही आजच्या स्वरूपात गेल्या काही दशकांतच वाढली आहेत, आणि त्यांना कोणी नकली म्हणत नाही.

शिकवणे मात्र जुन्याच पद्धतीचे, तोंडी. तबल्यासारखेच बोल आधी म्हणायचे आणि मग वाजवायचे. भरीव ठोका म्हणजे 'दोन', कडेवरचा 'का', दुहेरी जलद ठोके 'दोको'. पहिल्या दिवशी गुरुजी 'दोन' म्हणाले की मी इमानाने दोनदा वाजवत असे, आणि वर्गातल्या कोणालाही माझी चूक कळत नव्हती. सरावासाठी खरे ढोल थोडेच आहेत; उरलेले आम्ही चिकटपट्टीने घट्ट गुंडाळलेल्या जुन्या टायरांवर वाजवतो.

पाहुणे सहसा विचारत नाहीत तो प्रश्न कातड्याचा. मोठ्या 'नागादो-दायको'चे खोड केयाकी वृक्षाच्या एका ओंडक्यातून कोरतात आणि त्यावर गाईचे कातडे मढवतात. ते ताणताना कारागीर ढोलाच्या पानावर उभे राहून पायांनी तुडवतात, मग कडेने खिळे ठोकतात. इशिकावा प्रांतातली आसानो ही ढोल बनवणारी पेढी १६०९ पासून चालू आहे. पण मेलेल्या जनावराचे कातडे कमावणारे लोक एदो काळात (१६०३ ते १८६८) अस्पृश्य ठरवले गेले होते. १८७१ च्या फर्मानाने तो दर्जा कागदावरून गेला, वागणुकीतून गेला नाही, आणि त्यांच्या वंशजांना, म्हणजे बुराकू समाजाला, लग्नात आणि नोकरीत त्याचा जाच पुढेही होत राहिला. देवापुढे वाजणारा ढोल पवित्र आणि तो घडवणारे हात विटाळाचे, ही सांगड हलगीच्या मुलखातून आलेल्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही. ओसाकाच्या नानिवा भागात, जिथे पिढ्यान्‌पिढ्या ढोल बनत आले, १९८७ मध्ये त्या वस्तीतल्या तरुणांनी स्वतःच वादनाचे पथक काढले आणि त्याला नाव दिले 'इकारी', म्हणजे संताप.

जगाला ठाऊक असलेले रूप, लंगोट बांधून महाकाय ढोलासमोर उभा असलेला पुरुष, हे त्यापेक्षा बरेच प्रसिद्ध. १९६९ मध्ये सादो बेटावर जमलेल्या ओन्देकोझा या पथकाने ते घडवले. त्यातूनच निघालेल्या कोदो या पथकाने १९८१ मध्ये बर्लिनला पहिला प्रयोग केला. अमेरिकेत वाट निराळी होती. तिथल्या जपानी वंशाच्या तरुणांनी महाग ढोल परवडत नाहीत म्हणून वाइनच्या लाकडी पिंपांवर कातडे चढवले, आणि त्या पथकांत बायका सुरुवातीपासून बरोबरीने वाजवत आल्या. आमच्या वर्गातही अकरांपैकी आठ जणी आहोत.

रात्री नऊच्या आत आम्हाला थांबावे लागते, कारण शेजारच्या इमारतीतून तक्रार येते. परवा एका पाहुण्या काकूंनी सरावाला येऊन बाची, म्हणजे ढोल वाजवायची काठी, हातात घेतली, टायरवर एक ठोका दिला आणि म्हणाल्या, 'अगं, हे तर आपल्या टिपरूपेक्षा जड आहे.' शतकांचा प्रश्न त्यांनी विचारलाच नाही.